काळ ताब्यात ठेवणारा श्रेणीप्रमुख नाशिकचाच असू द्या

प्रति,
संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

मराठीत अद्भुतकथा लिहिणारे तरुण लेखक वाढत आहेत, याचा आम्हांला मनापासून आनंद आहे. त्यांच्या लिखाणात एक पात्र वारंवार भेटते. कारागिरांच्या किंवा जादूगारांच्या एखाद्या गिल्डचा, म्हणजे आपल्याकडच्या जुन्या शब्दात श्रेणीचा, हा प्रमुख असतो आणि काळ त्याच्या मुठीत असतो. तो रात्र लांबवतो, शत्रूचा प्रहर चोरतो, घटका अडवून धरतो. कल्पना उत्तम आहे. खटकते ते हे, की हा माणूस नेहमी युरोपातल्या एखाद्या दगडी मनोऱ्यात, दातेरी चाकांच्या घड्याळाखाली राहतो आणि हात वर केला की काळ थांबतो. त्याची श्रेणी कशावर चालते, पैसा कुठून येतो, तो प्रमुख कसा झाला, काळ वाकवताना नेमके काय हलवतो, यांतले काहीच कथेत सापडत नाही. म्हणून ते पात्र कागदीच राहते. या पात्राला घर, धंदा, साधने आणि शिक्षा हे सगळे नाशिकच्या मातीत मिळू शकते, एवढे सांगण्यासाठी हे पत्र.

पांडवलेण्यांत, म्हणजे प्राचीन त्रिरश्मी डोंगरावर, 10 क्रमांकाच्या लेण्यात आभीर राजा ईश्वरसेनाच्या नवव्या वर्षाचा शिलालेख आहे. काळ साधारण इसवी सनाचे तिसरे शतक. शक अग्निवर्म्याची मुलगी विष्णुदत्ता हिने आजारी भिक्षूंच्या औषधासाठी नाशिकजवळच्या गोवर्धन इथल्या श्रेण्यांकडे कायमची ठेव ठेवली, असे त्यात नोंदले आहे. त्यांतल्या एका श्रेणीचे नाव 'ओदयंत्रिक' आणि तिच्याकडची ठेव 2000 कार्षापणांची (कार्षापण हे त्या काळचे नाणे). पाण्याची यंत्रे करणारे वा चालवणारे कारागीर, असा या नावाचा अर्थ बहुतेक अभ्यासक घेतात. ही यंत्रे रहाटाची होती, पाटाची होती की वेळ मोजण्याची, हे शिलालेख सांगत नाही. कथाकाराला तेवढी फट पुरेशी आहे. त्या काळी सूर्याची सावली नसेल तेव्हा वेळ मोजली जायची ती पाण्यानेच. तेव्हा पाण्याच्या यंत्रांच्या श्रेणीचा प्रमुख हाच काळाचा मालक, असे लिहायला कोणाची हरकत असणार?

त्याच लेण्यातला उषवदाताचा, म्हणजे क्षत्रप नहपानाच्या जावयाचा, लेख त्याहून जुना, आणि श्रेणीचा हिशेब कसा चालायचा हे त्यात आकड्यांनिशी दिले आहे. विणकरांच्या एका श्रेणीकडे 2000 कार्षापण, दरमहा शेकडा 1 व्याजाने. दुसरीकडे 1000, दरमहा शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल परत मागायचे नाही, फक्त व्याज वापरायचे. पहिल्या रकमेचे व्याज महिन्याला 20, वर्षाला 240 होते. वर्षावासाला, म्हणजे पावसाळ्यातल्या मुक्कामाला, राहणाऱ्या 20 भिक्षूंना प्रत्येकी 12 कार्षापण चीवरासाठी (वस्त्रासाठी) द्यायचे, म्हणजे बरोबर 240. हा सगळा व्यवहार निगमसभेत, म्हणजे नगरसभेत, जाहीर करून फलकावर नोंदवला होता. म्हणजे श्रेणीप्रमुख हा बँकेचा प्रमुखही होता. त्याच्या शब्दावर मठाची औषधे आणि वस्त्रे अवलंबून होती. हे कळले की तुमच्या पात्राला आपोआप वजन येते.

काळावरची त्याची पहिली सत्ताही इथूनच सुरू होते, आणि तिला जादू लागत नाही. व्याज महिन्याचे आहे. महिने चांद्र आहेत. वर्षात कधी 12 महिने, कधी 13. अधिकमासाचे 20 कार्षापण श्रेणीने द्यायचे की नाही? दान देणाऱ्याने तर वर्षाचे 240 धरलेत. शिवाय अधिकमास कधी धरायचा हेही वादाचे. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात पाच वर्षांचे युग आहे, अडीच वर्षांनी एक आणि पाच वर्षांच्या शेवटी दुसरा असे दोन अधिकमास. गणित करून पाहा: 62 चांद्रमास म्हणजे सुमारे 1830.9 दिवस आणि पाच सौर वर्षे म्हणजे 1826.3. दर युगात साडेचार दिवसांहून जास्त घसरण होते. तिशीत शिकलेला माणूस साठीला पोहोचेपर्यंत पंचांग ऋतूंच्या जवळजवळ महिनाभर मागे पडलेले असते. हे ज्याच्या लक्षात आले आणि ज्याने ते योग्य वेळेपर्यंत मनात ठेवले, तो एक महिना गाळण्याचा वा घालण्याचा सल्ला देऊ शकतो. अख्खा महिना नाहीसा करणे हे कोणत्याही मांत्रिकाच्या पराक्रमापेक्षा कमी नाही.

आता त्याचे लहानपण. श्रेणीत येणारा मुलगा 'अंतेवासी' म्हणून गुरूच्या घरी राहतो. याज्ञवल्क्यस्मृतीतला नियम असा की शिल्प शिकून झाले तरी ठरलेली मुदत संपेपर्यंत त्याने गुरुगृहीच राहायचे. जेवण गुरूचे आणि कामाचे फळही गुरूलाच. कथेसाठी हा नियम फार मोलाचा आहे. हुशार मुलगा दोन वर्षांत सगळे शिकतो आणि उरलेली वर्षे त्याच्या हातची कमाई दुसऱ्याकडे जाते. काळ आपला नसतो, तो कोणाच्या तरी हिशेबात असतो, हे त्याला पहिल्यांदा इथे कळावे.

तो काय शिकतो, हा या पत्राचा खरा गाभा. लेखकांकडून सर्वांत जास्त चुका इथेच होतात. तिसऱ्या शतकातल्या कथेत पाण्यावर तरंगून बुडणारे तांब्याचे घटिकापात्र घालू नका. ज्योतिषग्रंथांत ते येते ते पुढच्या काळात. आधीचे साधन म्हणजे गळणारी नालिका, वर भांडे आणि बुडाशी छिद्र. अर्थशास्त्रात तिचे माप दिले आहे: चार माष (माष हे जुने वजन) सोन्याची चार अंगुळे लांब तार, त्या तारेएवढे छिद्र, आणि त्यातून एक आढक (जुने माप) पाणी वाहून जायला लागणारा काळ म्हणजे एक नालिका. दोन नालिकांचा मुहूर्त, तीस मुहूर्तांची दिवसरात्र. आजच्या हिशेबाने नालिका 24 मिनिटांची.

छिद्राचे माप सोन्याच्या वजनात का दिले असावे? मिलिमीटरभर रुंदीचे भोक पट्टीने मोजता येत नाही, पण तराजू गुंजेचाही फरक दाखवतो. सोने ठरावीक वजनाचे घ्या, ठरावीक लांबीपर्यंत ओढा. जाडी आपोआप ठरते. पाच गुंजांचा माष धरला तर चार माष म्हणजे सुमारे 2.3 ग्रॅम, चार अंगुळे म्हणजे साडेसात सेंटिमीटरच्या आसपास. शुद्ध सोन्याची अशी तार साधारण 1.4 मिलिमीटर जाडीची निघते. मापन तराजूच्या हवाली करण्याची ही युक्ती इतकी सुंदर आहे, की ती कथेत सविस्तर, तार ओढणाऱ्या हातांसकट यायला हवी.

फसवणुकीची जागाही नेमकी याच युक्तीत आहे. सोन्यात दहावा हिस्सा चांदी मिसळा. मिश्रधातू शुद्ध सोन्यापेक्षा हलका होतो. तेवढ्याच वजनाची, तेवढ्याच लांबीची तार आता जाड निघते आणि तिचे क्षेत्रफळ सुमारे 8 टक्क्यांनी वाढते. त्या तारेवर बेतलेल्या छिद्रातून पाणीही निदान तेवढ्याच प्रमाणात जास्त जाते, आणि 24 मिनिटांची नालिका 22 मिनिटांवर येते. तराजूत वजन बरोबर, पट्टीवर लांबी बरोबर, तरी वेळ खोटी. कसोटीच्या दगडावर तार घासून पाहिल्याशिवाय चोरी सापडत नाही. तुमचा श्रेणीप्रमुख काळ चोरतो तो असा, सोनाराच्या मुशीत.

पण एवढ्यावर तो पकडला जाईल. एका सूर्योदयापासून दुसऱ्या सूर्योदयापर्यंत 60 नालिका भरल्या पाहिजेत. त्याच्या भांड्याने 65 भरतील आणि पहाऱ्यावरचा पोरगासुद्धा बोट दाखवील. म्हणून त्याला दोन तारा लागतात. दिवसा जाड तारेचे छिद्र, रात्री बारीक तारेचे. दिवसाच्या नालिका आखूड, रात्रीच्या लांब, बेरीज साठच. लेखकांनी हे ध्यानात ठेवावे: काळ एका जागी ताणला तर दुसऱ्या जागी दाबावाच लागतो, नाहीतर सकाळी सूर्य हिशेब मागतो. हे बंधन पाळले की गोष्टीला ताण येतो.

रात्र ताणून काय साधते? अर्थशास्त्रातल्या नगरव्यवस्थेत रात्र पडल्यावर सहा नालिकांनी आणि पहाटेच्या सहा नालिका आधी यामतूर्य, म्हणजे प्रहराचे वाद्य, वाजते. मधल्या काळात हिंडायला बंदी. राजवाड्याजवळ अवेळी सापडलेल्याला पहिल्या आणि शेवटच्या यामात (प्रहरात) सव्वा 'पण' (हे नाणे) दंड, मधल्या यामात दुप्पट. सहा नालिका म्हणजे 2 तास 24 मिनिटे. छिद्र दहा टक्के मंद केले तर तूर्य 14 मिनिटे उशिरा वाजते. तेवढ्यात आपला माणूस वेशीतून आत येतो. उलट छिद्र मोठे केले तर शत्रूचा माणूस घरी पोहोचण्याआधीच तूर्य वाजते आणि तो कायद्याने गुन्हेगार ठरतो. राजाचा दिवसही नालिकांनी आठ भागांत वाटलेला. न्यायाला किती वेळ, हिशेबाला किती, भोजनाला किती, हे सगळे भांडे भरणाऱ्याच्या हाती.

या प्रमुखाचे नाव व्हायला एक प्रामाणिक कामगिरीही द्या. नुसता लबाड माणूस प्रमुख होत नाही. अर्थशास्त्र सांगते की चैत्रात आणि आश्विनात दिवस आणि रात्र पंधरा-पंधरा मुहूर्तांची असते, आणि पुढे तीन मुहूर्तांपर्यंत वाढते वा घटते. म्हणजे सर्वांत मोठा दिवस 18 मुहूर्त, 14 तास 24 मिनिटे. हा कोष्टकातला आकडा बऱ्याच उत्तरेकडच्या प्रदेशाला लागू पडतो. नाशिक 20 अंश अक्षांशावर आहे. इथला सर्वांत मोठा दिवस सुमारे 13 तास 20 मिनिटांचा, सर्वांत लहान 10 तास 55 मिनिटांच्या आसपास. ग्रंथाबरहुकूम चालणारा मोजणीदार हिवाळ्यात रात्र 36 नालिकांची धरतो आणि तिसाव्या नालिकेला पहाटेचे तूर्य वाजवतो. खरी रात्र पावणेतेहेतीस नालिकांच्या आतबाहेर असते. त्यामुळे बंदी उठते तेव्हा उजाडायला 2 तास 24 मिनिटे उरलेली नसतात, जेमतेम तासभर उरतो. पहाटे गाडी जुंपून बाजाराला निघणारे शेतकरी, घाटावर जाणारे, सगळेच अडकतात, आणि चूक कुठे आहे हे कोणालाच कळत नाही. आपला तरुण कारागीर वर्षभर शंकूची, म्हणजे उभ्या खुंटीची, सावली मोजून गोवर्धनापुरते वेगळे कोष्टक करतो. 12 अंगुळांच्या शंकूची विषुवदिनी (दिवसरात्र सारखी असते त्या दिवशी) दुपारची सावली इथे 4 अंगुळे आणि वर एक तृतीयांशाहून किंचित जास्त पडते. मेच्या विशीत आणि पुन्हा जुलैच्या तेवीस-चोवीसला ती दुपारी नाहीशी होते. हे कोष्टक हीच त्याची प्रमुखपदाची पायरी. गावाला खरी वेळ त्यानेच दिली, म्हणून खोटी दिली तरी गाव विश्वास ठेवते.

कोणत्या ऋतूत तो सर्वांत बलवान असेल? पावसाळ्यात. जून ते सप्टेंबर नाशिकला दिवसेंदिवस सूर्य दिसत नाही, रात्री नक्षत्र दिसत नाही. शंकू निरुपयोगी, सूर्योदयही अंदाजाने धरायचा. चार महिने वेळ सांगणारी एकच वस्तू उरते, ती म्हणजे त्याचे भांडे. भिक्षू वर्षावासाला डोंगरावर येतात तेही याच काळात, आणि त्यांच्यासाठीची व्याजेही याच काळात फेडायची. कथेतले सगळे मोठे डाव पावसाळ्यातच ठेवा आणि आश्विनात आकाश उघडल्यावर हिशेब होऊ द्या.

यंत्र बिघडते कसे, हेही कथेत यावे, कारण त्याशिवाय ते खरे वाटत नाही. तांब्यावर हिरवट थर येतो, खडकाच्या पाण्यातला क्षार छिद्राच्या कडेला बसतो. पाणी मंदावते आणि नालिका लांबते. चिंच-मिठाने घासले की थर जातो, पण वारंवार घासल्याने कड गोलसर होते आणि त्याच छिद्रातून जास्त पाणी जाऊ लागते. मग नालिका आखडते. पाणी फडक्याने गाळून घ्यायचे ते यासाठी. थंडीचा परिणाम वेगळा. 10 अंशांचे पाणी 30 अंशांच्या पाण्यापेक्षा दीडपटीहून जास्त चिकट असते. छिद्र पातळ पत्र्यात असेल तर फरक थोडा. छिद्राला लांब नळी जोडली असेल तर मात्र डिसेंबरच्या पहाटे नालिका चांगलीच रेंगाळते. रात्रीचे भांडे शेगडीशेजारी ठेवणारा आणि उघड्या ओसरीवर ठेवणारा यांची वेळ एक येणार नाही. इथेही प्रमुखाला हात मारायला जागा आहे: तार न बदलता नुसती भांड्याची जागा बदलायची.

आणखी एक चूक टाळा. भांड्यावर समान अंतरावर रेघा मारून 'अर्धी नालिका झाली' असे दाखवू नका. पाण्याची उंची कमी होते तसा वेगही कमी होतो. सरळ भांड्यातले वरचे अर्धे पाणी एकूण वेळेच्या 29 टक्क्यांतच निघून जाते. 24 मिनिटांत पहिला अर्धा भाग 7 मिनिटांत आणि उरलेला 17 मिनिटांत. अडाणी मोजणीदार अर्ध्या रेघेवर बारा मिनिटे धरतो आणि फसतो.

कथा पुढच्या काळात नेणार असाल तर घटिकापात्र जरूर आणा. ज्योतिषी लल्लाने दिलेले माप असे: दहा पळे (पळ हे जुने वजन) तांबे, अर्धगोल आकार, तोंडाचा व्यास बारा अंगुळे, उंची सहा, आणि 3⅓ माष सोन्याच्या चार अंगुळी तारेने पाडलेले छिद्र, स्वच्छ पाण्यात ते एका घटकेत, म्हणजे नालिकेएवढ्याच 24 मिनिटांत, बुडते. 1150 मध्ये सिद्धांतशिरोमणी लिहिणाऱ्या भास्कराचार्यांना हे माप पटले नाही. असे पात्र घडवणे कठीण आणि मापामागे युक्तिवादही नाही, असे त्यांचे मत. त्यांची रीत सोपी होती: पात्र कसेही घडवा, दिवसरात्रीत किती वेळा बुडते ते मोजा आणि त्यावरून त्याचे मान ठरवा. श्रेणीचे गुपित ज्या मापात दडले होते, त्याची गरजच या एका सूचनेने संपते. काळाच्या मालकाचा खरा प्रतिस्पर्धी दुसरा मांत्रिक नसून असा गणिती असावा, असे आम्हांला ठामपणे वाटते. लीलावतीच्या लग्नघटकेला मोती पात्रात पडून छिद्र बुजल्याची आख्यायिका अकबराच्या दरबारातल्या फैजीने 1587 मध्ये केलेल्या भास्कराचार्यांच्या 'लीलावती' ग्रंथाच्या फारसी भाषांतरातून पसरली. ती सगळ्यांना माहीत आहे, म्हणून मोती पुन्हा वापरू नका. मेणाचा कण घ्या. तो ऊन पाण्याने निघून जातो आणि पुरावा राहत नाही.

प्रमुखाचा शेवट कसा करायचा याबद्दलही स्मृतींत आधार आहे. जातककथांत अशा प्रमुखाला जेट्ठक म्हटले आहे, पण तो एकटा राजा नसतो. समूहाचे काम पाहणारे कार्यचिंतक धर्म जाणणारे, शुद्ध आणि निर्लोभी असावेत असे याज्ञवल्क्य सांगतो. बृहस्पती त्यांची संख्या दोन, तीन किंवा पाच देतो. समूहाचे द्रव्य चोरणाऱ्याला वा करार मोडणाऱ्याला शिक्षा आहे सर्वस्वहरण आणि देशाबाहेर हकालपट्टी. त्यामुळे शेवटी तलवारी काढण्याची गरज नाही. निगमसभा, पाच कार्यचिंतक, मध्ये दोन तारा आणि कसोटीचा दगड. एका तारेची रेघ पिवळी उमटते, दुसरीची फिकट.

लिहायला बसण्यापूर्वी लेखकांनी एक प्रयोग घरी करावा, अशी आग्रहाची विनंती. 10 सेंटिमीटर व्यासाचा सरळ उभा पत्र्याचा डबा घ्या. बुडाला मधोमध दीड मिलिमीटरच्या ड्रिलने भोक पाडा, आत-बाहेर उठलेली धारदार कड बारीक पॉलिश पेपरने काढा. डबा दोन विटांवर अगदी समपातळीत ठेवा, खाली पातेले. भोक बोटाने दाबून 20 सेंटिमीटर उंचीपर्यंत गाळलेले पाणी भरा; सुमारे दीड लिटर लागेल. बोट काढल्यापासून वेळ लावा. गणिताने 25 मिनिटांच्या आसपास येते, कड कशी आहे त्यावर दोन-तीन मिनिटे मागेपुढे. शेवटचे बोटभर पाणी धार सोडून थेंबाथेंबाने पडू लागते आणि तिथे वेळेचा भरवसा राहत नाही. म्हणून तळाच्या थोडे वर रेघ मारा आणि पाणी रेघेला टेकले की नालिका संपली असे धरा. भोक पाडताना लहानापासून सुरुवात करा. लहान भोक मोठे करता येते, मोठे झालेले पत्रा ठोकून बारीक करणे फार जिकिरीचे आहे. दोन-तीन वेळा मोजून झाले की फ्रीजमधले पाणी भरून पुन्हा मोजा, आणि मग भोकात पिनच्या टोकाने मेण लावून एकदा.

आपले नम्र,
जुन्या कालमापन साधनांचे अभ्यासक व घडणकार,
नाशिक